नांव राहिलें, गांव गेलें

गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत एके दिवशीं सकाळीं चहा आटोपून आम्ही घरची मंडळी माजघरांत बसलों होतों. आमचा नातू दूरचित्रवाणीवर अमेरिकेंतील बास्केटबॉलचा सामना पाहण्यांत अगदीं गढून गेला होता. तेथें रात्र, तर येथें सकाळ. आम्हां वडीलधाऱ्यांस त्या धांवपळींतलें फारसें कांहीं कळत नव्हतें. परंतु एका संघाच्या सदऱ्यावरील अक्षरांकडे लक्ष जाऊन मीं त्यास विचारलें, "अरे, हे 'लेकर्स' कोण? लेक म्हणजे सरोवर. लॉस एंजेलिस हें तर समुद्रकांठचें कोरडें शहर. तेथें हे सरोवरवाले कोठून आले?" पोर क्षणभर गोंधळलें. मग म्हणालें, "आजोबा, नांव आहे तें! त्याला अर्थ कशाला हवा?"

ज्या माणसानें सारा जन्म मुलांना शब्दांची व्युत्पत्ति शिकविण्यांत घालविला, त्याला हें उत्तर पचणें कठीण होतें. मीं त्या नांवाचा माग काढूं लागलों, आणि पाहतां पाहतां एका विलक्षण कथेंत शिरलों. ती कथा खेळाची खरी. पण तिचें मर्म खेळापुरतेंच नाहीं. आपल्यासारख्या लहान गांवच्या आणि एकत्र कुटुंबांत नांदणाऱ्या माणसांनीं ती ऐकावी, असें वाटल्यावरून हा लेख लिहीत आहें.

'लेकर्स' हे मूळचे मिनियापोलिसचे. ज्या मिनेसोटा संस्थानांत तें शहर वसलें आहे, त्यास दहा हजार सरोवरांचा प्रदेश म्हणतात. १९६० सालीं संघ तेथून लॉस एंजेलिसला गेला. सरोवरें अर्थात् मागें राहिलीं, नांव तेवढें बरोबर गेलें. डेट्रॉइटचे 'पिस्टन्स' घ्या. डेट्रॉइट ही मोटारींची राजधानी. तेव्हां हें नांव तेथलेंच, असें कोणासही वाटेल. पण तें आलें इंडियाना संस्थानांतील फोर्ट वेन या गांवाहून, जेथें फ्रेड झोल्नर यांचा पिस्टन घडविण्याचा कारखाना होता. १९५७ सालीं त्यांनीं संघ डेट्रॉइटला नेला. अटलांटाचे 'हॉक्स' मिसिसिपी नदीच्या कांठच्या तीन जुळ्या गांवांतून निघाले आणि मिल्वॉकी, सेंट लुई अशीं बिऱ्हाडें करीत १९६८ सालीं अटलांटास पोंचले. सॅक्रामेंटोच्या 'किंग्ज' या संघाचें जन्मस्थान रॉचेस्टर. त्यानें तर तीन वेळां घर बदललें.

या गांवांची स्थिति मुलगी थोरामोठ्यांच्या घरीं दिलेल्या माहेरासारखी झाली. मुलगी परत आली नाहीं, तरी तिचा संसार चालला आहे, एवढें तरी समाधान त्यांस आहे. परंतु कांहीं गांवांच्या वाट्याला तेंही आलें नाहीं. शेबॉयगन, ऑशकॉश, वॉटर्लू, अँडरसन हीं नांवें आज अमेरिकेंतही थोड्यांनाच आठवतात. त्यांतील शेबॉयगनची हकीकत मला सर्वांत बोधप्रद वाटली.

कथेस आरंभ करण्यापूर्वी खेळाच्या जन्माविषयीं दोन शब्द सांगितले पाहिजेत. चेंडूचें वेड आपल्या देशास नवें नाहीं. दण्डीच्या 'दशकुमारचरितां'त राजकन्या कंदुकावती हिच्या कंदुकोत्सवाचें वर्णन आहे, तें संस्कृत शिकलेल्या वाचकांस आठवेल. परंतु कंदुक टोपलींत टाकण्याचा हा खेळ मात्र एका शिक्षकानें ठरवून बनविला. १८९१ च्या डिसेंबरांत मॅसॅच्युसेट्स प्रांतांतील स्प्रिंगफील्ड येथें जेम्स नेस्मिथ या व्यायामशिक्षकावर एक अवघड कामगिरी येऊन पडली. बाहेर बर्फ, आंत कोंडलेले अठरा दांडगे विद्यार्थी. त्यांना हातपाय न मोडतां दमविणारा खेळ हवा होता. नेस्मिथ यांनीं सज्जाच्या कठड्याला, जमिनीपासून दहा फुटांवर, पीच फळांच्या दोन टोपल्या ठोकल्या, तेरा नियम लिहून भिंतीवर लावले आणि खेळ सुरू केला. आमच्या नगरकरांस यांत एक योगायोग दिसेल. ज्या अमेरिकन मिशनऱ्यांनीं १८३१ सालीं आमच्या गांवांत ठाणें घातलें, त्यांची मूळ संस्था त्याच मॅसॅच्युसेट्समधील बोस्टन शहरांतली होती.

हिवाळ्यांत सहा सहा महिने घरांत कोंडून पडणाऱ्या उत्तर अमेरिकेंतील गांवांना हा खेळ म्हणजे वरदानच वाटला. एक दालन, दोन टोपल्या आणि दहा माणसें, एवढ्यावर काम भागे. मोठ्या मैदानाचा खर्च नाहीं, घोडे नाहींत, बागबगीचे नाहींत. त्यामुळें कारखान्यांनीं आपल्या कामगारांचे संघ उभे केले. दिवसा काम करावें आणि रात्रीं कारखान्याच्या नांवाचा सदरा घालून खेळावें, अशी ती रीति. १९३७ सालीं गुडइयर व फायरस्टोन हे टायरांचे कारखाने आणि जनरल इलेक्ट्रिक कंपनी यांच्या पुढाकारानें 'नॅशनल बास्केटबॉल लीग' या नांवाचा संघांचा एक मेळ स्थापन झाला. 'लीग' या शब्दास येथें मीं 'मंडळ' म्हणतों. या मंडळांत ऑशकॉशचा संघ पहिल्यापासून होता. तो लॉन डार्लिंग या बियाणें विकणाऱ्या गृहस्थानें १९२९ सालीं काढलेला. आणि अशा त्या संघानें १९४१ व १९४२ या दोन्ही सालीं अजिंक्यपद मिळविलें!

ऑशकॉशच्या जवळच, मिशिगन सरोवराच्या पश्चिम कांठीं शेबॉयगन हें गांव आहे. त्या काळीं वस्ती सुमारें चाळीस हजार. त्यांत जर्मन वंशाचे लोक पुष्कळ. गांवाचा लौकिक खुर्च्या व लांकडी सामान बनविण्याबद्दल. तेथील संघ प्रथम स्थानिक व्यापाऱ्यांच्या नांवानें खेळत असे. १९३८ सालीं तो मंडळांत दाखल झाला, तेव्हां त्यानें 'रेडस्किन्स' हें नांव घेतलें. तेथल्या मूळ रहिवाशांना हिणविणारा हा शब्द आज कोणी सभ्य मनुष्य वापरणार नाहीं; त्या काळीं मात्र तो कोणास खटकला नाहीं, हेंही नमूद केलें पाहिजे.

मंडळांत शेबॉयगननें अकरा हंगाम काढले आणि त्यांतील पांच हंगामांत अंतिम झुंजीपर्यंत मजल मारली. विजय मात्र एकदांच मिळाला. तो १९४३ चा हंगाम. युद्ध चालू, तरुण मंडळी सैन्यांत गेलेली, मंडळांत अवघे चार-पांच संघ उरलेले. (याच हंगामांत शिकागो व टोलिडो येथील संघांनीं कृष्णवर्णीय खेळाडूंना आपल्यांत घेतलें, बेसबॉलमध्यें जॅकी रॉबिन्सन यांच्यासाठीं तें दार १९४७ सालीं उघडलें.) शेबॉयगननें त्या वर्षीं बारा सामने जिंकले आणि अकरा गमावले, म्हणजे तराजूचा कांटा जेमतेम एका बाजूस झुकलेला. समोर फोर्ट वेनचा बलाढ्य संघ. त्याचे सतरा विजय आणि सहाच पराजय. पण तीन सामन्यांच्या अंतिम झुंजींत शेबॉयगननें दोन जिंकले, आणि चाळीस हजार वस्तीचें तें गांव त्या व्यावसायिक मंडळाचें अजिंक्यपद मिळवून बसलें. १९४२ सालीं गांवानें सरोवराजवळ एक सार्वजनिक सभागृह बांधलें होतें. त्यांत सुमारें साडेतीन हजार माणसें बसत. म्हणजे सभागृह भरलें, कीं गांवांतील दर अकरा-बारा माणसांमागें एक जण तेथें हजर! आपल्याकडे ग्रामदैवताच्या जत्रेस कुस्त्यांच्या फडाभोंवतीं जी गर्दी लोटते, तिचें चित्र डोळ्यांपुढें आणावें, म्हणजे या आंकड्याचा अर्थ कळेल.

येथवर उदय झाला. आतां अस्ताकडे वळूं.

युद्ध संपलें. १९४६ च्या ६ जून रोजीं न्यूयॉर्क येथें मोठ्या शहरांतील क्रीडागृहांचे मालक एकत्र जमले. त्यांचीं भव्य क्रीडागृहें बर्फावरील हॉकीच्या सामन्यांनीं भरत, पण मधल्या रात्रीं रिकामीं पडत. त्या रात्रीं कशानें भराव्या, या चिंतेंतून त्यांनीं बास्केटबॉलचें दुसरें मंडळ काढलें. यांच्यापाशीं इमारती होत्या, पैसा होता, शहरें होतीं. उत्तम खेळाडू मात्र बहुतेक जुन्या मंडळाच्या लहान गांवांत होते. तेव्हां त्यांनीं तेथील बलवान् संघच आपल्याकडे ओढण्यास सुरुवात केली. १९४८ सालीं मिनियापोलिस, रॉचेस्टर, फोर्ट वेन आणि इंडियानापोलिस हे चार संघ जुनें घर सोडून नव्या घरीं गेले. जॉर्ज मायकन नांवाचा सहा फूट दहा इंच उंचीचा अद्वितीय खेळाडू मिनियापोलिसच्या संघांत होता; तोही अर्थात् त्यांबरोबर गेला. ज्यांच्या येण्यानें लहान गांवांचीं सभागृहें भरत, तेच गेल्यावर मागें काय उरणार? जुन्या मंडळानें एक वर्ष कसेंबसें काढलें. १९४९ च्या ३ ऑगस्ट रोजीं दोन्ही मंडळें एक झालीं, आणि आज जगभर एन्. बी. ए. म्हणून जें ओळखलें जातें, तें सतरा संघांचें मंडळ जन्मास आलें. ऑशकॉशला त्यांत जागा मिळाली नाहीं. तो संघ तेथेंच संपला. शेबॉयगनला मिळाली.

ही जागा म्हणजे थोरल्या वाड्यांत मिळालेली पडवी होती. शेबॉयगननें त्या वर्षीं बावीस सामने जिंकले व चाळीस गमावले. तरीही तो बादफेरींत पोंचला आणि इंडियानापोलिसशीं तीन सामन्यांपर्यंत झुंजून हरला. खेळ अगदींच वाईट नव्हता. वाईट होता हिशेब. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्यें सुमारें अठरा हजार प्रेक्षक बसत; शेबॉयगनच्या सभागृहांत साडेतीन हजार. आणि नियम असा, कीं ज्याच्या गांवीं सामना, त्याच्या पेटींत सर्व पैसा. पाहुण्यास त्यांतील कांहीं नाहीं. शेबॉयगनचे खेळाडू न्यूयॉर्कला जाऊन खेळले, तर प्रवासखर्च यांचा आणि गल्ला त्यांचा. खेळाडूंच्या पगारांची चढाओढ मात्र सर्वांना सारखी. शिवाय मोठ्या शहरांच्या मालकांना आपल्या दारावरील फलकावर असल्या गांवढ्या नांवांची लाज वाटे, ती वेगळीच. एका हंगामांत सतरांचे अकरा झाले. गेलेल्या सहांत शेबॉयगन, वॉटर्लू आणि अँडरसन हीं तिन्ही लहान गांवें होतीं.

तरी शेबॉयगननें लगेच हात टेकले नाहींत. बाहेर पडलेल्या गांवांनीं १९५० सालीं आपलें वेगळें मंडळ काढलें. त्यांत शेबॉयगननें एकोणतीस सामने जिंकले व सोळा गमावले. पण तें मंडळच हंगाम पुरा होण्यापूर्वीं कोसळलें. अजिंक्यपद आमचें, असें शेबॉयगनही म्हणे आणि वॉटर्लूही म्हणे. निवाडा देणारें मात्र कोणी उरलें नव्हतें! पुढील वर्षीं संघ एकटाच मिळेल त्याच्याशीं खेळला, आणि १९५२ सालीं दिवा विझला.

मोठ्या मंडळांत राहिलेल्या लहान शहरांनीं पुढें पराक्रम केला नाहीं, असें मात्र नव्हे. खेळ फार संथ झाला होता. १९५० च्या नोव्हेंबरांत फोर्ट वेननें मिनियापोलिसला १९ विरुद्ध १८ अशा हास्यास्पद गुणसंख्येनें हरविलें, कारण आघाडी मिळाल्यावर चेंडू नुसता धरून बसण्यास बंदी नव्हती. यावर तोड काढली ती सिराक्यूज या मध्यम शहराच्या संघाचे मालक डॅनी बियासोन यांनीं. चेंडू हातीं आल्यापासून चोवीस सेकंदांच्या आंत तो टोपलीकडे टाकलाच पाहिजे, हा नियम १९५४ सालीं त्यांच्या आग्रहानें आला. आज जगांत जेथें जेथें हा खेळ व्यावसायिक रीतीनें चालतो, तेथें तेथें हें घड्याळ टिक् टिक् करीत असतें. १९५५ ची अंतिम झुंज सिराक्यूज आणि फोर्ट वेन यांच्यांतच झाली; सातव्या सामन्यांत सिराक्यूज एका गुणानें जिंकलें. पण दोन वर्षांत फोर्ट वेनचा संघ गेला, आणि १९६३ सालीं सिराक्यूजचाही फिलाडेल्फियास गेला. ज्या गांवानें सबंध खेळास जीवदान दिलें, त्यासही तो आपल्या घरीं ठेवतां आला नाहीं.

यावर कोणी म्हणेल, लहान गांवानें असा हव्यास धरावाच कशाला? पैसा मोठ्या शहरांत, तेव्हां खेळही तेथेंच जाणार. हा सृष्टिक्रमच आहे. मलाही प्रथम तसेंच वाटलें. परंतु याच विस्कॉन्सिन संस्थानांत, शेबॉयगनच्या उत्तरेस सुमारें शंभर किलोमीटरांवर ग्रीन बे नांवाचें गांव आहे. तेथें अमेरिकन पद्धतीच्या फुटबॉलचा 'पॅकर्स' हा संघ १९१९ सालीं निघाला, आणि आज शंभर वर्षें उलटून गेलीं तरी तो तेथेंच आहे. गांवाची वस्ती आजही लाख-सव्वा लाखाच्या घरांत. प्रतिस्पर्धी मात्र न्यूयॉर्क, शिकागो, लॉस एंजेलिस. हें कसें घडलें?

पहिलें कारण असें, कीं तो संघ कोणा एका धनिकाचा नाहीं. १९२३ सालीं गांवकऱ्यांनीं पांच पांच डॉलरांचे भाग काढले. त्यांवर नफा मिळत नाहीं, भाग बाजारांत विकून पैसे करतां येत नाहींत, आणि एका व्यक्तीनें किती भाग घ्यावे यासही मर्यादा आहे. संस्था डबघाईस आली, कीं पुन्हां भाग काढावयाचे, असें त्यांनीं १९३५ सालीं केलें आणि १९५० सालींही केलें. या दुसऱ्या खेपेस एक लाख अठरा हजारांवर डॉलर जमले. आज भागधारक पांच लाखांहून अधिक आहेत. ज्याचा मालकच गांव, तो गांव सोडून कसा जाईल?

परंतु एवढेंच कारण पुरेसें नाहीं. शेबॉयगनच्या लोकांची निष्ठा कांहीं कमी नव्हती. खरें कारण दुसरें, आणि तें आपल्या घरांतील माणसांस चटकन् उमजण्यासारखें आहे. फुटबॉलच्या मंडळांत पाहुण्या संघासही तिकिटांच्या पैशांतील वांटा देण्याची रीति होती; आणि १९६१ सालीं पीट रोझेल या अध्यक्षांनीं मोठ्या शहरांच्या मालकांचें मन वळवून असें ठरविलें, कीं दूरचित्रवाणीचा सारा पैसा एका समाईक पेटींत पडावा आणि सर्व संघांना सारखा वांटला जावा. त्याच वर्षीं तसा कायदाही झाला. न्यूयॉर्कचा वांटा आणि ग्रीन बेचा वांटा सारखा! यांत न्यूयॉर्कनें कांहीं दानधर्म केला नाहीं. समोर उभा राहून झुंजणारा कोणी नसेल, तर एकट्या बलवानाचा खेळ कोण पाहणार, एवढें त्या व्यवहारी माणसांस कळलें होतें.

एकत्र कुटुंबांत चार भाऊ असतात. एक वकिलींत बक्कळ मिळवितो, दुसरा शाळेंत मास्तर असतो, तिसरा गांवची शेती पाहतो. मिळकतीच्या पिशव्या वेगळ्या ठेवल्या, तर चूल एक असूनही घर आंतून फुटतें. आणि पिशवी एक असली, तर मास्तराच्या मुलासही वकिलाच्या मुलाबरोबरीनें शिकतां येतें. या व्यवस्थेंत मिळविणाऱ्यास कधींकधीं टोंचणी लागते, आळश्यास आयता आश्रय मिळतो, हे दोष मीं डोळ्यांनीं पाहिले आहेत. तरीही दुबळ्या भावास उभें राहतां येतें तें याच व्यवस्थेंत. शेबॉयगनला थोरल्या घरांत घेतलें खरें, पण पंक्तीस बसवून वाढलें नाहीं.

आपल्याकडे पगारी खेळाडूंचे संघ अलीकडचे. पण हा न्याय जुनाच आहे. आपल्या नाटक मंडळ्या म्हणजे तरी काय होत्या? किर्लोस्कर मंडळींतून बालगंधर्व १९१३ सालीं बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी निघाली, तेव्हां मागें राहिलेल्यांची जी स्थिति झाली, तीच मायकन गेल्यावर जुन्या मंडळाची झाली. पुढें १९३२ सालीं मराठी बोलपट आला, आणि गांवोगांव बिऱ्हाड घेऊन हिंडणाऱ्या मंडळ्या एकामागून एक मावळल्या. बास्केटबॉलचाच म्हणाल, तर २०१५ ते २०१७ या काळांत आपल्या देशांत एक व्यावसायिक मालिका चालली. तींत 'पुणे पेशवे' हा संघही होता. मालिका बंद पडली, आणि हे पेशवेही गेले. कबड्डीचें बरें चाललें आहे. २०१४ पासून तिची मालिका चालू असून २०२४ सालीं पुण्याची पलटण विजयी झाली. पण खेळाडू खेड्यापाड्यांतील आणि संघ मोठ्या शहरांचे वा प्रांतांचे, हीच तेथलीही वांटणी आहे.

समाईक पिशवीचा धडा शिकण्यास मात्र आम्हां नगरकरांस ग्रीन बेपर्यंत जाण्याचें कारण नाहीं. ज्या १९५० सालीं शेबॉयगनला मोठ्या मंडळांतून बाहेर पडावें लागलें, त्याच सुमारास आमच्या जिल्ह्यांत लोणीजवळ विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या प्रयत्नानें शेतकऱ्यांनीं भाग काढून सहकारी साखर कारखाना उभा केला. एकट्या शेतकऱ्याच्या चार एकर उसास कारखानदार विचारीत नव्हता. सर्वांचा ऊस एका गव्हाणींत पडूं लागल्यावर तो मोलाचा झाला. पुढें सहकारांतही दोष शिरले, हें खरें. पण कल्पना खोटी ठरली नाहीं.

हें सारें मीं नातवास सांगितलें. त्यानें शांतपणें ऐकून घेतलें आणि विचारलें, "मग आजोबा, उद्यां आपल्या वाडिया पार्कांत नगरचा संघ खेळूं लागला, तर टिकेल का?"

मीं म्हटलें, "बाळ, संघ निघाला, कीं कोण किती उंच उडी मारतो हें तूं पाहशीलच. पण आधीं दोन प्रश्न विचार. संघ कोणाचा? आणि परगांवीं जाऊन खेळलास, तर तेथल्या गल्ल्यांत तुझ्या गांवाचा वांटा काय? यांचीं उत्तरें नीट मिळालीं, तर खुशाल खेळ. नाहींतर दहा वर्षांनीं कोण्या मोठ्या शहरांत एखादा म्हातारा आपल्या नातवास विचारील, 'अरे, या संघाच्या नांवांत हा भुईकोट किल्ला कोठून आला?' आणि तो नातू सांगेल, 'नांव आहे तें. त्याला अर्थ कशाला हवा?'"

आमच्या गांवास २०२४ पासून अहिल्यानगर हें नांव मिळालें आहे. नांवें बदलतात, तीं काळाचीं आहेत. पण गांवांत जें उभें राहिलें, तें गांवाचें राहावें कीं नाहीं, हें ठरविणें गांवकऱ्यांच्या हातीं असतें. आणि कांहीं अंशीं तें शेजारच्या मोठ्या भावाच्याही हातीं असतें.